पडद्यावरच्या म्हातारीच्या हातात पैसे आले की ती वाईटच का होते?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत परवा एक पानभर लेख आला होता, सिनेमातली वयस्कर बाई कशी बदलली त्याच्यावर. लेख वाचायला चांगला होता, फोटो पण मस्त, पण लिहिणाऱ्याने शेवटी एकदम झोकात सांगून टाकलंय की रडणारी आई गेली, गॉगल घालून ट्रिपला जाणारी आजी आली, झालं, विषय संपला. मला काही ते पटलं नाही म्हणून हे पत्र. बदल झालाय हे मान्यच आहे, नाही कशाला म्हणू, पण कुठं झालाय आणि कुठं गाडी अजून आहे तिथंच उभी आहे ते बघायला नको का? मी सोलापूरची, साठी ओलांडलेली, नोकरीतून रिटायर झालेली बाई, भागवत आणि प्रभात थिएटरला पिक्चर बघत मोठी झालेय, दुपारच्या शोला आईच्या मांडीवर बसून पडद्यावरच्या आया रडताना बघितल्यात आणि आता स्वतः त्या वयाची झाल्यावर बघते तर त्या आयांपैकी निम्म्या माझ्या आत्ताच्या वयापेक्षा पंचवीस-तीस वर्षांनी लहान होत्या!

तर आधी वयाचंच घेते, कारण खरी गंमत तिथंच आहे. मदर इंडिया १९५७ चा. नर्गिस तेव्हा २८ वर्षांची आणि तिचा मुलगा झालेला सुनील दत्त पण २८ चाच, दोघंही १९२९ च्या जूनमधले, ती १ तारखेची आणि तो ६ तारखेचा, म्हणजे आई लेकापेक्षा पाच दिवसांनी मोठी. पुढच्याच वर्षी दोघांनी लग्न केलं. आपल्या सुलोचनादीदी १९२८ च्या, देव आनंद १९२३ चा, आणि जॉनी मेरा नाममध्ये (१९७०) दीदी देव आनंदच्या आई. लेक आईपेक्षा पाच वर्षांनी मोठा आणि कुणाला काही वाटलं नाही, आम्हाला पण नाही वाटलं, आम्ही पदराने डोळे पुसत बसलेलो. राखीचं तर बघा, १९७६ ला कभी कभीमध्ये अमिताभची प्रेयसी, १९८२ ला शक्तीमध्ये त्याच अमिताभची आई, आणि त्याच वर्षी बेमिसालमध्ये पुन्हा त्याच्याबरोबर हिरोइन. खऱ्या आयुष्यात ती त्याच्याहून लहान. वहिदा रहमान कभी कभीमध्ये त्याची बायको आणि दोनच वर्षांनी त्रिशूलमध्ये आई. म्हणजे हिरो तिथंच उभा आणि बायका मात्र त्याच्या समोरनं बायकोच्या रांगेतून आईच्या रांगेत सरकायल्यात.

हे सगळं जुनं झालं म्हणाल तर थांबा. रीमा लागू संजय दत्तपेक्षा एका वर्षाने मोठ्या, वास्तवमध्ये (१९९९) त्याची आई. बाई किती ताकदीच्या होत्या ते मी सांगायला नको, मैंने प्यार कियामध्ये (१९८९) सलमानच्या आई झाल्या तेव्हा त्यांची तिशी पण नुकतीच ओलांडलेली होती. मग २००५ मध्ये वक्त आला, त्यात शेफाली शाह अक्षय कुमारची आई, आणि ती अक्षयपेक्षा पाचेक वर्षांनी लहान आहे ओ! आता पुरुषांच्या बाजूने कुणी म्हणेल की अनुपम खेरनी पण तिशीच्या आतच सारांशमध्ये (१९८४) म्हातारा केला होता, रोहिणी हट्टंगडी त्यात त्यांच्या बायको. बरोबर आहे. पण त्यांना त्यानंतर व्हिलन मिळाला, कॉमेडी मिळाली, बाप मिळाला, मास्तर मिळाला, सगळं मिळालं. रोहिणीबाईंनी गांधीमध्ये (१९८२) कस्तुरबा करून बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचं सिनेमाचं मोठं अवॉर्ड, आणला घरी, तेवढं मोठं नाव, आणि आपल्या हिंदीवाल्यांनी त्यांना काय दिलं तर अग्निपथमध्ये (१९९०) अमिताभची आई. पुन्हा, त्याच्याहून वयाने लहान आई.

आणि जेव्हा खरंच म्हाताऱ्या बायकांवर पिक्चर निघतो तेव्हा तरी म्हातारी बाई घेतात का? २०१९ ला सांड की आँख आला, बागपतकडच्या जोहरी गावातल्या खऱ्याखुऱ्या दोन आज्या, साठीच्या पुढं बंदूक हातात घेऊन नेमबाजी करणाऱ्या, किती भारी विषय! घेतलं कुणाला, तर तापसी पन्नू आणि भूमी पेडणेकर, तिशीच्या आसपासच्या पोरी, चेहऱ्याला सुरकुत्या चिकटवून. तेव्हा नीना गुप्ता जाहीर म्हणाल्या होत्या की निदान आमच्या वयाचे रोल तरी आमच्याकडनं करून घ्या. त्या नीनाबाईंनी २०१७ मध्ये, ५८ व्या वर्षी, इन्स्टाग्रामवर सरळ लिहिलं होतं की मी मुंबईत राहते, चांगली ॲक्टर आहे, काम शोधतेय. मला त्या पोस्टचं फार अप्रूप वाटलं होतं, त्या वयात आणि एवढं नाव असताना काम मागायला हिंमत लागते. मग पुढच्या वर्षी बधाई हो आला. त्यात नवरा झालेले गजराज राव त्यांच्याहून बारा वर्षांनी लहान आहेत, म्हणजे एकदाचं गाडं उलटं फिरलं म्हणायचं, आणि पिक्चर धो धो चालला, कुणाचं काही बिघडलं नाही. सुरेखा सिक्रींना त्यातल्या आजीसाठी नॅशनल अवॉर्ड पण मिळालं.

आता माझा खरा मुद्दा. तो माझ्या डोक्यात आला आमच्या अक्कांमुळं.

मी आधी सोलापूरच्या पूर्व भागात राहायची, अशोक चौकाच्या अलीकडं. शेजारी एक पद्मशाली, म्हणजे तेलुगू विणकर समाजातलं कुटुंब, त्यातल्या अक्का विड्या वळायच्या, अजून वळतात. सकाळचं सगळं आवरलं की भिंतीला पाठ टेकून बसायच्या, मांडीवर सूप, सुपात भिजवलेली पानं आणि तंबाखू, पत्र्याचा तुकडा पानावर ठेवून कात्रीने भराभर कापायचं, चिमूटभर तंबाखू, एक वळण, तोंड दुमडायचं, दोरा. हाताकडं बघायचंच नाही, डोळे टीव्हीवर. हजार विड्यांमागं मजुरी ठरलेली, आणि माल द्यायला गेलं की तिथला माणूस त्यातल्या किती खराब म्हणून बाजूला काढेल ते त्याच्या मर्जीवर. तर मी एकदा त्यांच्याकडं बसले होते आणि टीव्हीवर कुठलीतरी सिरियल चाललेली, त्यात एक सासू, अंगावर भरजरी साडी, गळ्यात किलोभर दागिने, हॉलमध्ये उभी राहून नुसतं इकडून तिकडं बघायली. अक्कांनी दोरा दाताने तोडला आणि मला विचारलं, "ह्या बाईला दिवसभर काय काम नसतंय का ओ?"

तेव्हा हसले मी. पण नंतर जो पिक्चर बघेन त्यात तेच शोधायला लागले, की ही म्हातारी करते काय, हिच्याकडं पैसे कुठनं येतात, ते ती ठेवते कुठं. आणि मग मला एक गोष्ट दिसायला लागली ती तुमच्या पुरवणीतल्या लेखात कुठंच नव्हती. आपल्या सिनेमात चांगली म्हातारी बाई म्हणजे रिकाम्या हाताची. आणि जिच्या कमरेला किल्ल्या आहेत, जिच्या नावावर घर आहे, धंदा आहे, ती हमखास वाईट.

ललिता पवारांचंच बघा. येवल्याच्या बाई, चांगल्या हिरोइन होत्या, १९४२ मध्ये शूटिंगमध्ये भगवानदादांची थप्पड जोरात बसली आणि चेहऱ्याची एक बाजू गेली, डोळा कायमचा अधू झाला, आणि मग त्या डोळ्यावर अख्ख्या इंडस्ट्रीने सासू बसवली. तिजोरी त्यांच्याकडं, धान्याच्या कोठीची चावी त्यांच्याकडं, सुनेला किती भाकरी द्यायच्या ते त्यांच्या हातात, आणि शेवटी पाय धरून माफी मागायची. त्याच काळातली चांगली आई कशी, तर पांढरी साडी, देवघर, शिलाई मशीन. बरं शिलाई मशीन म्हणजे काम झालं की नाही? दीवारमध्ये (१९७५) निरुपा रॉय बांधकामावर विटा वाहतात. पण बघा ना, ते काम फक्त त्याग म्हणून दाखवलेलं असतं, पोरगं मोठं झालं की काम बंद, मग आई म्हणजे खाटेवर खोकणारी बाई. तिला कुणी विचारत नाही की बाई, इतकी वर्षं कमवत होतीस, आता हातात पैसा नाही तर कसं वाटतंय. आमच्या अक्का काय करतात सांगू? त्यांना पीएफची पेन्शन आहे, हजार रुपये महिना, तरी विड्या सोडत नाहीत, का तर म्हणतात नातीला शंभर रुपये द्यायचे म्हणजे पोराकडं हात पसरू का मी? हा सीन मला एका पिक्चरमध्ये दाखवा.

एक नाव मात्र मला मुद्दाम घ्यायचंय. ललिताबाईंचीच मिसेस डिसा, अनाडीमधली (१९५९). घरमालकीण, भाड्यासाठी तोंड सोडणारी, खमकी, आणि तरी राज कपूरवर पोटच्या पोरासारखी माया करणारी. पैशाचं बघणारी आणि चांगली, दोन्ही एकाच बाईत. फिल्मफेअर मिळालं त्यांना त्यासाठी. म्हणजे साठहून जास्त वर्षांपूर्वी जमलं होतं की! मग नंतर कुठं हरवलं?

शशिकलाबाईंचं पण इथं सांगायला हवं कारण त्या आपल्या सोलापुरात जन्मलेल्या, १९३२ मध्ये, जवळकर त्यांचं आडनाव. आरती (१९६२) आणि गुमराह (१९६३), दोन्हीला लागोपाठ फिल्मफेअर, दोन्ही रोल वाकडे. माझ्या आईला त्यांचा इतका राग यायचा की त्या पडद्यावर आल्या की ती बोटं मोडायची, आणि घरी आल्यावर मात्र बोलणं त्यांच्याबद्दलच, हिरोइनचं नाव पण कुणाला आठवायचं नाही. आता मला कळतं का ते. त्या काहीतरी करत होत्या. कारस्थान का असेना, डोकं चालवत होत्या. सरळ बायकांना तेवढी पण मुभा नव्हती. २०२१ मध्ये त्या गेल्या तेव्हा आपल्या गावात त्यांची आठवण व्हायला पाहिजे होती तेवढी झाली असं मला तरी वाटलं नाही.

मग नव्या पिक्चरांकडं येते. बाईपण भारी देवा २०२३ च्या जूनअखेर लागला आणि सोलापुरात काय धमाल, आमचं भिशी मंडळ अख्खं गेलं, नऊवारी, नथ, गॉगल, गजरे, इंटरव्हलला पॅसेजमध्ये फुगड्या. पंच्याहत्तर कोटींच्या पुढं गेला तो धंदा, मराठीला! त्यात सहा बहिणी आणि त्यातल्या रोहिणी हट्टंगडी, वंदना गुप्ते, सुकन्या कुलकर्णी ह्यांना कुणी मेकअप करून म्हातारं केलेलं नाही, बाया आहेत त्या वयाच्या, पोटं सुटलेल्या, दम लागणाऱ्या. त्याच्या आधी २०२१ ला झिम्मा, लॉकडाऊननंतर थिएटर उघडल्या उघडल्या, सुहास जोशी आणि निर्मिती सावंत लंडनला. मला दोन्ही आवडले, रडले पण आणि हसले पण. केदार शिंदे आणि हेमंत ढोमे ह्यांनी आम्हाला थिएटरात परत आणलं हे मान्य करायलाच पाहिजे.

पण. (मी मुद्दाम एकच शब्द लिहिते.) त्या पिक्चरांनी म्हातारीला मजा दिली. मंगळागौरीची स्पर्धा, परदेशाची ट्रिप. मजा पाहिजेच, आमच्या पिढीने कुठं केली? पण मजा झाल्यावर बाई घरी येते आणि घरी तेच. आणि मग प्रत्येक निर्मात्याला वाटायला लागलं की चार-पाच बायका गोळा करा, एक जाड, एक खाष्ट, एक विधवा, एक मॉडर्न, त्यांना कुठंतरी फिरायला पाठवा, एक गाणं टाका, झाला पिक्चर. रडणाऱ्या आईचा जसा साचा होता तसा हा नाचणाऱ्या आजीचा साचा तयार व्हायलाय, हे मला खुपतं.

त्यापेक्षा मला फोटो प्रेम जास्त लागला मनाला, २०२१ चा, ओटीटीवर आलेला, त्यामुळं आमच्या मंडळातल्या निम्म्या जणींनी बघितलेलाच नाही. नीना कुलकर्णी त्यात एक साधी घरातली बाई, कॅमेऱ्याला घाबरणारी, आणि एक दिवस तिच्या लक्षात येतं की आपण मेल्यावर लावायला आपला एक धड फोटो घरात नाही. एवढाच विषय. संपादकसाहेब, तुमच्याच पेपरातलं निधन वार्तेचं पान काढून बघा. पुरुषांचे फोटो कसे, फेटा, कोट, स्टुडिओत काढलेले. बायकांचे बघा, कुठल्यातरी लग्नातल्या ग्रुप फोटोतनं कापलेले, खांद्यावर दुसऱ्या कुणाचा तरी हात राहिलेला असतो. हे ज्याने टिपलं तो पिक्चर खरा. तिथं ना ट्रिप आहे ना स्पर्धा.

लिपस्टिक अंडर माय बुरखा (२०१७) बद्दल लिहू की नको म्हणत होते, पण लिहिते, घरात सुना वाचतील तर वाचू देत. रत्ना पाठक शाह त्यात ५५ वर्षांची विधवा बुआजी, सगळी गल्ली तिला मान देते, आणि तिला मात्र चोरून कादंबऱ्या वाचायच्या असतात, पोहायला शिकायचं असतं, कुणीतरी आवडायला लागलेलं असतं. सेन्सॉरने आधी सर्टिफिकेटच नाकारलं, कारण काय दिलं तर पिक्चर बायकांच्या बाजूचा आहे! आणि सहा वर्षांनी रॉकी और रानीमध्ये शबाना आझमी आणि धर्मेंद्र ह्यांनी पडद्यावर किस केला तर लोकांनी टाळ्या वाजवल्या. एवढं अंतर सहा वर्षांत पडलं, ही खरी प्रगती, मी नाकारत नाही. पण त्याच पिक्चरमध्ये दुसरी म्हातारी बघा, जया बच्चन. तिच्याकडं काय आहे, तर लाडूचा मोठा धंदा, अख्खं घर तिच्या शब्दावर. आणि ती कोण, तर व्हिलन! प्रेम करणारी आजी गोड, धंदा चालवणारी आजी खाष्ट. ललिताबाईंच्या किल्ल्यांचा जुडगा २०२३ मध्ये जयाबाईंच्या हातात आला, बाकी सगळं सेम. माझं म्हणणं पटतंय का आता?

म्हणून मला छाया कदम ह्या बाईंबद्दल एवढं प्रेम आहे. लापता लेडीजमधली (२०२४) मंजू माई. रेल्वे स्टेशनवर चहा-भजीची टपरी, नवऱ्याला आणि पोराला घराबाहेर काढलेलं, एकटी राहते, तोंड फाटकं. त्यात एक सीन आहे, ती हरवलेली नवी नवरी फूल टपरीवर कलाकंद बनवते, गिऱ्हाइकांना आवडतो, आणि मंजू माई तिच्या हातात पैसे ठेवते. तिची पहिली कमाई. फुकटात राबवून घेत नाही, पाठीवरून हात फिरवून भाषण पण देत नाही. नोटा देते. मी तो सीन परत परत लावून बघितलाय. आमच्या पगाराच्या पहिल्या महिन्याला मी माझ्या आईच्या हातात पैसे ठेवले होते तेव्हा तिने ते मोजले नव्हते, तसेच फडताळात ठेवले आणि वर हळदकुंकू वाहिलं, आणि तिला स्वतःला कधी कुणी असे पैसे दिलेच नव्हते, हे मला त्या सीनला कळलं.

त्याच वर्षी फ्रान्सच्या कान फेस्टिव्हलला ग्रां प्री हे मोठं अवॉर्ड मिळवलेला पायल कपाडियांचा ऑल वी इमॅजिन ॲज लाइट, त्यातही छाया कदम, मुंबईतल्या हॉस्पिटलात स्वयंपाक करणारी विधवा, बिल्डर तिला खोलीतनं बाहेर काढायला बसलेला आणि बाईकडं राहत्या जागेचा एक कागद नाही, कारण सगळं नवऱ्याने केलेलं. कागद! हा प्रश्न आमच्या पूर्व भागातल्या कुठल्याही म्हातारीला विचारा. आणि त्याच्याही आधी, सैराटमधली (२०१६) सुमन अक्का कोण होती? ह्याच छाया कदम. हैदराबादच्या झोपडपट्टीत डोशाची गाडी लावणारी, आर्ची-परश्याला आसरा देणारी. म्हणजे कमावणारी आणि मायाळू बाई दाखवायला जमतं, आणि ते जमवलं आपल्याच जिल्ह्यातल्या, जेऊरच्या पोराने, नागराज मंजुळेने. पण ह्या तिन्हीत लक्षात घ्या, गोष्ट दुसऱ्या कुणाची तरी आहे. कुठं फूलची, कुठं नर्सेसची, कुठं आर्चीची. बाई येते, दहा-पंधरा मिनिटं पिक्चर खाऊन टाकते आणि जाते.

पुरुषांना मात्र मेन रोल मिळतो. दशावतार आला २०२५ च्या सप्टेंबरमध्ये, दिलीप प्रभावळकर ८१ व्या वर्षी हिरो, आणि काय काम केलंय त्या माणसाने, मी उभं राहून टाळ्या वाजवल्या. पण बाहेर पडताना मैत्रीण म्हणाली, ऐंशीच्या बाईला घेऊन असा पिक्चर कोण काढेल ग? दोघी गप्प. हिंदीत तर बोलायलाच नको, त्याच वर्षीच्या सिकंदरमध्ये सलमान १९६५ चा आणि हिरोइन रश्मिका १९९६ ची, ३१ वर्षांचं अंतर. मैंने प्यार कियाच्या वेळची त्याची आई त्याच्यापेक्षा फक्त सात वर्षांनी मोठी होती हे तुम्हाला वर सांगितलं नव्हतं, आता सांगते.

सोलापुरात ह्या पिक्चरला विषय कमी आहेत का सांगा. कुंभारीला विडी कामगार बायकांची दहा हजार घरांची वसाहत उभी राहिली, नंतर रे नगर तीस हजार घरांचं. त्या घरांसाठी मोर्चे काढणाऱ्या, पोलिसांच्या गाडीत बसलेल्या बायका आता सत्तरीत आहेत. कडक भाकरी आणि शेंगाचटणी करून पुण्या-मुंबईला पाठवणाऱ्या आज्या आहेत, ज्यांच्या हाताखाली चार-चार सुना नाही तर पगारी बायका काम करतात. यंत्रमागावर कांड्या भरून बोटं वाकडी झालेल्या आहेत. सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत पाल टाकून धंदा करणाऱ्या आहेत, गिऱ्हाइकाशी कन्नड, तेलुगू, मराठी, हिंदी चारी भाषेत भांडणाऱ्या. सरकारच्या लाडक्या बहिणीला पण ६५ ची मर्यादा आहे, पुढं बहीण लाडकी राहत नसावी, पण ह्या बाया ६५ ला थांबल्यात कुठं? माझी नागराज अण्णांना तुमच्या पेपरमार्फत विनंती आहे, तुम्ही करमाळ्याचं रान दाखवलंत, आता सोलापूरच्या पूर्व भागात कॅमेरा घेऊन या आणि एखाद्या विडीवाल्या अक्काला मेन रोल द्या, तिला ट्रिपला पाठवू नका, तिचं घर, तिचा पीएफ, तिची माल घेणाऱ्याशी चाललेली रोजची भांडणं, तिचं गुडघ्याचं ऑपरेशन करायचं की नातवाच्या कॉलेजची फी भरायची ही कटकट, एवढं दाखवलंत तरी अडीच तास पुरणार नाहीत. आणि कृपा करून तिशीतली पोरगी घेऊन सुरकुत्या चिकटवू नका. वयाच्या बाया आहेत की, नीना कुलकर्णी आहेत, वंदना गुप्ते आहेत, आपल्या उषा नाडकर्णी आहेत ज्यांना माहेरची साडीनंतर (१९९१) लोकांनी खाष्ट सासूतच कोंडून ठेवलं.

कुणी म्हणेल असा पिक्चर बघणार कोण. बाईपण भारी देवा कुणी बघितला मग? आम्हीच ना. भिशीतले पैसे काढून, कुणी पेन्शनमधनं, एकीने तर पोराला सांगितलं पण नव्हतं, भाजीच्या पिशवीत तिकीट. पैसे आम्ही द्यायला तयार आहोत. पण मराठी पिक्चरचे शो लावतात कधी, तर सकाळी नऊ नाही तर रात्री पावणेदहा. सकाळी नऊला घरात पाणी आलेलं असतं (आपल्याकडं पाणी किती दिवसांनी येतं ते तुम्हाला माहितीये, ते सोडून पिक्चरला कोण जाईल!) आणि रात्री पावणेदहाचा शो संपून साडेबाराला जुळे सोलापूरला रिक्षा कुठनं मिळणार आम्हाला, मिळाली तरी तो सांगेल तेवढे द्यायचे. दुपारी बारा ते तीन, आमची हीच वेळ, पूर्वी लेडीज शो ह्याच वेळेला असायचे. तेव्हा थिएटरवाल्यांनी मराठीला निदान एक दुपारचा शो द्यावा, पायऱ्यांच्या कडेला लाइटची पट्टी लावावी आणि लेडीज टॉयलेटमध्ये एक तरी इंग्लिश कमोड बसवावा, गुडघेवाल्या बायकांना इंटरव्हलमध्ये घरी जाऊन परत येता येत नाही. ही मागणी तेवढी ठळक अक्षरात छापा, बाकीचं पत्र कापलं तरी चालेल.

आपली,
एक वाचक आणि जुनी प्रेक्षक,
जुळे सोलापूर